चार एकरांचं टोकन

१

घोडकाठ शेतकरी उत्पादक कंपनीच्या ऑफिसातलं लोखंडी कपाट रुपालीनं उघडलं, वरच्या कप्प्यात हात घातला आणि हात तसाच आत ठेवून म्हणाली, "मॅडम, डबी नाहीये."

"नीट बघ," धनश्री म्हणाली.

"नीटच बघतेय. शनिवारी संध्याकाळी मी माझ्या हातानं ठेवली होती."

धनश्रीनं खांद्यावरची बॅग खाली ठेवली. सकाळच्या एसटीनं नगरहून काष्टीला यायचं म्हणजे कंबरेची वाट लागते, आणि आल्या आल्या हे ऐकायचं. ती कंपनी सेक्रेटरी होती. गावात सेक्रेटरी म्हटलं की लोकांना सोसायटीचा सेक्रेटरी आठवायचा, त्यामुळे दर फेरीला एखादा तरी तिला बाजूला घेऊन पीककर्जाचं विचारून जायचा. समजावून सांगायचं तिनं केव्हाच सोडून दिलं होतं. बघते, म्हणायची.

तिचं काम तसं साधं होतं. लिंबू पिकवणाऱ्या शेतकऱ्यांनी मिळून ही कंपनी काढली. लिंबं गोळा करायची, प्रतवारी करून बाहेर पाठवायची, उरलेल्यांच्या लिंबूगोळ्या करून विकायच्या आणि सभासदांना अवजारं वापरायला द्यायची. फवारणीचे पंप, कडबाकुट्टी, एकेक दाणा टोचून पेरायचं हातयंत्र, असलं सगळं. लिंबांचं उत्तम चाललं होतं. पण कंपनी काढली की दरवर्षी तिचे हिशेब रजिस्ट्रारकडे ऑनलाइन दाखल करावे लागतात, हे मात्र कुणाच्या गावीही नव्हतं. पहिल्या वर्षी "करू" म्हणून राहिलं, दुसऱ्या वर्षी "बघू" म्हणून राहिलं. तिसरं वर्ष चुकलं की कायदा ऐकून घेत नाही. सगळे संचालक पाच वर्षं बाद, आणि कंपनीचं नाव खोडून टाकायची तयारी सुरू. तिसऱ्या वर्षाची मुदत आज संपत होती.

कागद सगळे तयार होते. राहिली होती फक्त अध्यक्षांची, मालनबाईंची, डिजिटल सही. ती सही असते बोटाच्या पेराएवढ्या एका वस्तूत. कॉम्प्युटरला ती खोचायची, पिन टाकायचा, झाली सही. धंद्यातले लोक तिला टोकन म्हणतात. पाच संचालकांत मालनबाई सोडून कुणीच ते काढलेलं नव्हतं, आणि नवं काढायचं तर दोन-तीन दिवस सहज जाणार.

हे टोकन एकदा आधीही गेलं होतं. बिभीषणनानांच्या पोरानं पेन ड्राइव्ह समजून ते ट्रॅक्टरच्या टेपला लावलं आणि "ह्यात गाणीच न्हाईत" म्हणून परत आणून टाकलं. तेव्हापासून रुपाली ते कंपनीच्याच लिंबूगोळ्यांच्या पत्र्याच्या डबीत ठेवायची. पुन्हा घोळ नको म्हणून डबीवर तिनं मार्करनं ठसठशीत लिहिलंही होतं : टोकन.

"पिन कुणाकुणाला माहितीये?" धनश्रीनं विचारलं.

रुपाली घुटमळली. "काकू पिन टाकताना आकडे मोठ्यानं म्हणतात ना. खिडकी उघडी असते. म्हणजे तसं बघितलं तर गावालाच."

तेवढ्यात मालनबाई दारात आल्या. दोघींची तोंडं आणि उघडं कपाट बघून त्यांनी चपलासुद्धा काढल्या नाहीत.

"कुनीतरी नेलं म्हना की," त्या म्हणाल्या. "आता माज्या नावानं तो मानूस कशावर बी सही करंल."

२

चौकशी करायची धनश्रीला हौस होती. बंद पडलेल्या कंपन्यांचे कागद चाळून चाळून तिला एक कळलं होतं, की कागदापेक्षा माणूस लवकर बोलतो, फक्त त्याला चहा द्यावा लागतो. तिनं चहा मागवला आणि रुपालीपासून सुरुवात केली.

"कपाटाची किल्ली कुठं असते?"

"कॅलेंडरमागं, खिळ्याला."

"कुणाला माहीत असतं?"

"किल्ली कुठंय म्हणून विचारलं की सगळेच कॅलेंडरकडं बघतात."

"तू काल कुठं होतीस?"

इथं रुपालीचा चेहरा पडला. चहाचा कप तिनं उगाच फिरवला. धनश्री काही न बोलता बसून राहिली, कारण गप्प बसणाऱ्या बाईपुढं माणूस फार वेळ टिकत नाही हे तिला ठाऊक होतं.

"नागापूरला," रुपाली शेवटी म्हणाली. "एमआयडीसीत एका कारखान्यात मुलाखत होती. रविवारीच बोलावतात ते. काकूंना सांगू नका ना, मॅडम. कंपनीच बंद पडणार असं सगळे म्हणायला लागलेत. मग मी काय करू?"

मालनबाई दारातच उभ्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं.

"जा की," त्या म्हणाल्या. "आमी बाद झालो तर तू तरी कामाला असशील." मग खुर्चीत बसल्या आणि धनश्रीकडं न बघता बोलत राहिल्या. "मॅडम, मला अध्यक्ष केलं तवा लोक हसले. बाई काय कंपनी चालवनार म्हनले. मी शेड उभी केली, आडत्याच्या दारात लिंबं वतायची बंद केली. आता त्याच लोकांच्या म्होरं बाद म्हनून फिरायचं व्हय? शनिवारच्या बाजारात कुनाच्या तोंडाकडं बघू मी?"

एरवी धनश्री पक्षकाराच्या दुःखात पडत नसे, पण हे तिला लागलं. कॅनॉलखालचं मालनबाईंचं रान वाफशावर येऊन पडलं होतं, पेरणीला हवी तेवढी नेमकी ओल होती, आणि तरी ह्या फायलींपायी बाई तिकडं फिरकल्या नव्हत्या. ते तिनंच तर सांगितलं होतं, की आठवडाभर सगळं बाजूला ठेवा.

"तुम्हाला कुणाचा संशय येतो?"

"माज्या तोंडून कशाला वदवता? सन्माननीय संचालक बिभीषन."

बिभीषणनाना मालनबाईंचे थोरले चुलत दीर. अध्यक्षपदाला दोघं उभे राहिले, नाना पडले, आणि त्या दिवसापासून दोघांत शब्द नव्हता. मालनबाई त्यांना नाना म्हणायच्या ते बंद होऊन सन्माननीय संचालक म्हणायला लागल्या होत्या, तेही दात आवळून.

"नावच बिभीषन," त्या म्हणाल्या. "आईबापांनी काय बघून ठेवलं असंल?"

धनश्रीनं अवजारांच्या खोलीकडं मोर्चा वळवला. तिथं जालिंदर फवारणीचा पंप उघडून बसला होता. अवजारं देणं-घेणं त्याच्याकडं. मान वर न करता त्यानं रामराम घातला.

"जालिंदरभाऊ, टोकन कुठंय?"

"टोकन? त्ये गेलं की काल."

"गेलं म्हणजे?"

"बिभीषननाना घेऊन गेले."

"तुम्ही दिलंत?"

"मागितलं, दिलं. सभासद हायती, वर संचालक. न्हाई कसं म्हनायचं?"

"डबीसकट?"

"डबी बिगर चालतंय व्हय त्ये?" जालिंदर पंपाचा वॉशर दातानं ओढत म्हणाला. "कपाटातनं काढून दिली डबी. वर नाव लिवलेलं हुतंच."

"आणि परत कधी आणणार?"

"काम झालं की. नाना म्हनले, मालनला सांगू नको, उगं बोंबलत यील."

धनश्रीच्या मागं येऊन उभ्या राहिलेल्या मालनबाई तशाच निघून गेल्या. ऑफिसात जाऊन त्या नानांना फोन लावत होत्या, कितीतरी महिन्यांनी पहिल्यांदा.

३

फोन धनश्रीनं त्यांच्या हातून काढून घेतला आणि स्पीकरवर टाकला. पलीकडं वारं होतं, कुठंतरी पाण्याची मोटर चालली होती, आणि नाना रानात बोलायच्या आवाजात बोलत होते. म्हणजे फोन नसता तरी अर्धं ऐकू आलं असतं.

"नाना, मी धनश्री. कंपनीची सेक्रेटरी."

"बोला की. कर्जाचं झालं का काय?"

"नाही. नाना, टोकन तुमच्याकडं आहे का?"

"हाय की."

इतकं सरळ उत्तर येईल असं कुणालाच वाटलं नव्हतं. रुपालीनं तोंडावर हात ठेवला.

"ते आम्हाला आत्ता लागतंय. आजच्या आज."

"आज न्हाई जमायचं."

"का नाही जमायचं?"

"का म्हंजी? चार एकर व्हईस्तवर मी टोकन सोडनार न्हाई. सांगून ठिवतो." वाऱ्यानं काही शब्द खाल्ले. "चार एकर पुरं झालं की आपसूक आनून दीन. तवर फोन करू नका, माजं ध्यान जातंय."

फोन बंद झाला. पुन्हा लावला तर वाजून वाजून थांबला.

मालनबाईंचा चेहरा पांढरा पडला होता. "कॅनॉलखालचं चार एकर," त्या म्हणाल्या. "माजं रान. त्यांच्या बांधाला लागून हाय. आजेसासऱ्यांच्या वाटनीपासनं त्यांचा डोळा हाय त्याच्यावर."

"म्हणजे टोकनच्या बदल्यात जमीन मागतायत?" रुपालीचा आवाज चिरकला.

"दुसरं काय मंग?"

मालनबाईंनी भिंतीवरच्या शेडच्या उद्घाटनाच्या फोटोकडं बघितलं आणि डोळे पुसले. मग जे म्हणाल्या त्यानं धनश्री हादरलीच.

"द्या म्हनावं. लिहून घ्या. पन बाद नको."

४

"थांबा," धनश्री म्हणाली. "एक मिनिट कुणी काही लिहू नका."

तिला काहीतरी खटकत होतं. ती कपाटापुढं जाऊन उभी राहिली, आणि कपाटाशीच बोलायला लागली म्हणा ना.

"मालनताई, मला सांगा. आज हिशेब दाखल झाले नाहीत तर बाद कोण होणार?"

"मी."

"एकट्याच?"

"समदे संचालक."

"म्हणजे नानाही. पाच वर्षं त्यांना कुठल्याच कंपनीत बसता येणार नाही. तुमची खुर्ची मोडायला निघालेला माणूस त्याच खुर्चीवर स्वतः कशाला बसेल? दुसरं, चोरी करणारा माणूस जालिंदरभाऊंकडं रीतसर मागून नेतो का? आणि फोनवर हाय की म्हणतो का? जमीन लुबाडायची तर माणूस जरा तरी आवाज खाली करेल. नानांचा आवाज खाली येत नाही हे मान्य, पण लाज तरी वाटेल."

"मंग चार एकर कशाला म्हनले?"

"तेच तर."

बोलता बोलता तिची नजर कपाटाच्या खालच्या कप्प्यावर गेली. तिथं अवजारांचे सुटे भाग असायचे. नटबोल्टच्या पिशवीमागं आणखी एक लिंबूगोळ्यांची पत्र्याची डबी होती. तिच्यावर काहीच लिहिलेलं नव्हतं. धनश्रीनं झाकण उघडलं. आत भोकं पाडलेल्या प्लास्टिकच्या चकत्या होत्या, काहींची भोकं बारीक, काहींची मोठी.

"रुपाली, ह्या कशाच्या?"

"काय माहीत. जालिंदरभाऊंचं असेल काहीतरी. रिकाम्या डब्या तेपण नेतात."

धनश्री डबी घेऊन तडक अवजारांच्या खोलीत गेली. मागून बाकीच्या दोघी. जालिंदर अजून पंपाशीच झटत होता.

"जालिंदरभाऊ, पाणी म्हणा."

"पानी आनू का?"

"नको. लोणी म्हणा."

"लोनी." त्यानं मालनबाईंकडं बघितलं. मॅडमचं काही बिनसलंय का, असं त्याला विचारायचं होतं.

"आता सांगा. एकेक दाणा टोचून पेरायचं, त्याला काय म्हणतात?"

"टोकन."

"आणि ज्यानं करतात ते यंत्र?"

"टोकनच म्हनतो आमी. टोकन दे, टोकन आन. येवढं कोन यंत्र-बिंत्र म्हनतंय?" मग त्याची नजर तिच्या हातातल्या डबीवर गेली आणि हातातला पंप त्यानं खाली ठेवला. "आरं तिच्या. बियाच्या चकत्यांची डबी हितंच व्हय? मंग नानांना मी कंची दिली?"

"जिच्यावर टोकन लिहिलं होतं ती," धनश्री म्हणाली.

मग मालनबाईंनी कपाळावर हात मारून घेतला. "जल्म रानात गेला माजा," त्या म्हणाल्या. "आन टोकन म्हनल्यावर मला टोकन आठवलं न्हाई. ह्या आठ दिसात तुमी इतक्या बारी टोकन टोकन केलं मॅडम, की त्याचा दुसरा काही अर्थ हाय ह्येच इसरले."

धनश्रीलाही ओशाळल्यासारखं झालं. टोकण हा शब्द तिला पुस्तकातला म्हणून माहीत होता, पोटफोड्या ण सकट. तो माणसाच्या तोंडून असा समोरून चालत येईल आणि आपण त्याला ओळखणार नाही, हे तिला वाटलं नव्हतं. पण शरमायला वेळ नव्हता. शेवटच्या दिवशी ते पोर्टल कसं चालतं हे तिला चांगलं माहीत होतं. राज्यभरच्या कंपन्या त्याच दिवशी जाग्या होतात आणि ते आडवं पडतं.

"चला," ती म्हणाली. "नाना चार एकर पेरतायत. त्यांच्या शेतात."

५

जालिंदरच्या मोटरसायकलवर तो पुढं, धनश्री मागं, दोघांच्या मध्ये लॅपटॉप. मालनबाई रुपालीच्या स्कूटीवर. अशी ही वरात नानांच्या मळ्यात पोचली तर तिथं नाना नव्हते. त्यांचा हरभरा कधीच पेरून झाला होता. सरीवर कोवळे कोंब दिसत होते. गोठ्यापुढं नानांची बायको, मालनबाईंची थोरली जाऊ, शेंगा फोडत होती.

"सन्माननीय संचालक कुठायत?" मालनबाईंनी लांबूनच विचारलं.

जाऊबाईंनी शेंगा फोडायच्या थांबवल्या नाहीत. "मला काय विचारती? तुज्याच रानात हायती की कालधरनं. कॅनॉलखाली."

मालनबाईंचा पारा चढला. "माज्या रानात? कुनाला विचारून?"

पुढचं ऐकायला त्या थांबल्याच नाहीत. पदर खोचला आणि बांधावरून पायीच निघाल्या, इतक्या झपाझप की मोटरसायकल त्यांच्या मागं पडली. धनश्रीला वाटलं, आपला सगळा तर्क चुकला. जमीन बळकावायचा हा जुनाच प्रकार, आधी पेरायचं आणि मग वहिवाट सांगायची. टोकण असो की टोकन, माणूस तोच निघाला म्हणायचा.

६

कॅनॉलखाली नाना होते. डोक्याला टॉवेल, पायजमा गुडघ्यापर्यंत, हातात ते टोकण यंत्र. सरीच्या कडेनं ते हळूहळू पुढं ढकलत चालले होते. निम्म्याहून जास्त रान झालं होतं. लिंबाच्या झाडाखाली पाण्याची बाटली, भाकरीचं फडकं आणि त्याच्या शेजारी लिंबूगोळ्यांची डबी, झाकण बंद. हरभऱ्याची चकती यंत्रात आधीचीच होती, त्यामुळे ती उघडायची वेळच आली नव्हती.

धनश्रीनं आधी डबी उचलली. आतली वस्तू जागच्या जागी होती. तिनं इतक्या मोठ्यानं श्वास सोडला की बांधावरचा बगळा उडाला.

मालनबाई मात्र सरीत उभ्या होत्या, नानांच्या पुढ्यात. "माज्या रानात कुनाच्या परवानगीनं पेरताय?"

नानांनी यंत्र थांबवलं. "मालन, वाफसा उद्या-परवा गेला असता. मंग काय पेरनार हुतीस, दगडं? तू आठ दिस कागदात. पोरगा तुजा पुण्याला. म्हनलं आपलं टोकून टाकावं. बी माज्या घरचंच हाय."

"आन मला सांगायचं न्हाई?"

"सांगितलं असतं तर करू दिलं असतं का?"

मालनबाईंनी खोचलेला पदर सोडला. नानांनीच विचारलं, "पन तुमी समदी हितं कशाला आलाय? कुनी गेलं का काय?"

जालिंदरनं सगळं सांगून टाकलं. लपवून ठेवायची त्याला सवयच नव्हती. डबीचं सांगितलं, फोनचं सांगितलं, आणि चार एकरांचंही सांगितलं. नाना ऐकत गेले तसा त्यांचा चेहरा उतरत गेला. टॉवेल काढून त्यांनी तोंड पुसलं.

"मी तुजं रान मागितलं, असं वाटलं तुला?"

"वाटलं," मालनबाई म्हणाल्या. "आन मी द्यायला बी निघाले हुते. लाज वाटती मला, नाना. तुमच्या तोंडाकडं बघवंना."

"मंग नको बघू," नाना म्हणाले. "मला बी पडल्यापासनं तुज्याकडं बघवत न्हवतं. सरीकडं बघ. वाकडी नको जायला."

धनश्रीनं झाडाखाली लॅपटॉप उघडला, मोबाइलचं नेट जोडलं, टोकन खोचलं. मालनबाई उकिडव्या बसल्या आणि पिन टाकताना सगळे आकडे मोठ्यानं म्हणाल्या. कुणीही त्यांना अडवलं नाही. सही झाली. मग पोर्टल गरगर फिरायला लागलं, ते फिरतच राहिलं.

त्याच्याकडं बघत बसणं मालनबाईंना जमेना. त्या उठल्या, नानांच्या हातातलं यंत्र काढून घेतलं आणि पुढची सरी स्वतः धरली. नानांनी बियाची पिशवी उचलली आणि मागून चालत राहिले. रुपाली बांधावर बसली. नागापूरच्या कारखान्याचा फोन आला तो तिनं घेतला, आणि थोडं ऐकून "कळवते" म्हणून ठेवून दिला. उन्हं कलायला लागली. धनश्री मात्र स्क्रीनवरून नजर हलवत नव्हती. एकदा पोर्टलचं पान बंद पडलं, तिनं पुन्हा भरलं, पुन्हा पडलं, पुन्हा भरलं. तिच्या ओठातल्या ओठात काय चाललं होतं ते इथं लिहिण्यासारखं नाही.

शेवटी पोचपावती आली. तिनं ती दोनदा वाचली, नाव तपासलं, वर्ष तपासलं आणि उभी राहून ओरडली, "दाखल झालं, मालनताई. कुणीही बाद नाही."

मालनबाई पार दुसऱ्या टोकाला पोचल्या होत्या. तिकडून नानांचा आवाज आला, "काय म्हनत्यात गं सेक्रेटरी?"

"तुमची खुर्ची वाचली म्हनत्यात," मालनबाई म्हणाल्या. "बी वता."